मूल म्हणतंय, मला एडिटर व्हायचंय

पालकहो,

दहावी-बारावीचे निकाल लागले की तुमच्यापैकी कुणी ना कुणी मला गाठतंच. "पोरगा तसा हुशार आहे हो, पण दिवसभर व्हिडिओ कापत बसतो." "मुलगी सायन्स सोडते म्हणतेय, व्हीएफएक्स करायचंय म्हणे." एवढं बोलून झालं की खरा प्रश्न येतो, बहुतेक वेळा आवाज खाली आणून, कारण मूल शेजारच्याच खोलीत असतं. "यात पोट भरतं का?"

भरतं. मी चित्रपट संकलनाच्या कामावर घर चालवलं आहे, आणि माझ्याबरोबर काम करणाऱ्या कितीतरी जणांचे संसार याच कामावर उभे राहिलेले मी पाहिले आहेत. पण एवढंच सांगून फोन ठेवला तर तुमच्यावर अन्याय होईल. ते कुणाचं भरतं, किती वर्षांनी भरायला लागतं आणि त्या मधल्या वर्षांत घरच्यांनी काय करायचं, हे बोलायला निवांत वेळ हवा. तो आज काढू या.

आधी हे काम असतं काय, ते सांगते. डॉक्टर, शिक्षक, बँकेतले साहेब यांना तुम्ही काम करताना पाहिलेलं असतं. एडिटरला तुम्ही कधी पाहिलेलं नसतं, आणि त्यानं काम चांगलं केलं असेल तर ते पडद्यावरही वेगळं जाणवत नाही. त्यामुळे फोटो जोडून त्यावर गाणं लावायचं, यापुढे तुमच्या डोळ्यांसमोर चित्र उभं राहत नसेल तर त्यात तुमचा दोष नाही.

'सैराट'चा शेवट आठवा. २०१६ साली तो पाहून माणसं गप्प गप्प थिएटरबाहेर पडत होती. शेजारणीबरोबर बाहेर गेलेलं लहान मूल घरी परत येतं, आई-बापाची अवस्था बघतं, आणि तिथं चित्रपटातला आवाजच नाहीसा होतो. मूल रडताना दिसतं, त्याचं रडू ऐकू येत नाही. मग दारातून बाहेर पडणारी ती इवली रक्ताळलेली पावलं. नागराज मंजुळे दिग्दर्शक, कुतुब इनामदार संकलक. त्या जागी करुण संगीत लावता आलं असतं, किंकाळ्या ऐकवता आल्या असत्या, खून डोळ्यांसमोर दाखवता आला असता. पावलांचे ठसे पडद्यावर थोडे कमी वेळ राहिले असते तर नीट पोचले नसते. फार रेंगाळले असते तर आपल्याला मुद्दाम रडवतायत असं वाटलं असतं. काय दाखवायचं, काय झाकायचं, आवाज कुठे काढून घ्यायचा आणि किती वेळ थांबायचं, हे ठरवणं हे एडिटरचं काम. सॉफ्टवेअरची बटणं महिन्या-दोन महिन्यांत हाताशी येतात. हे ठरवायला येईपर्यंत मात्र वर्षं जातात.

रोजचं काम याहून पुष्कळ रूक्ष असतं. चित्रीकरण सुरू असतानाच हार्ड डिस्क येऊ लागतात. सहायक संकलक आधी त्यांच्या दोन-तीन प्रती करतो, कारण एक डिस्क बंद पडली आणि दुसरी प्रत नसेल तर अख्ख्या युनिटची मेहनत गेली. मग क्लॅपच्या ठोक्यावर चित्र आणि आवाज जुळवायचा, प्रत्येक टेकची नोंद ठेवायची, दिग्दर्शकानं कुठला टेक पसंत केला होता ते लिहायचं. तुमच्या मुलाची सुरुवात इथे होणार आहे. प्रसंग पटकथेच्या क्रमानं लावून पहिला रफ कट तयार होतो. तो हमखास लांबलेला असतो आणि तो बघून सगळेच खचतात. तिथून पुढे काही महिने कापणं, जोडणं, उलटंपालटं करणं. 'अपोकॅलिप्स नाऊ' या १९७९च्या चित्रपटाचे एक संकलक वॉल्टर मर्च यांनी नोंदवून ठेवलंय की त्या चित्रपटासाठी २३० तासांहून जास्त चित्रीकरण झालं होतं. पडद्यावर आले सुमारे अडीच तास. उरलेला प्रत्येक तुकडा कुणीतरी पाहिला, तोलला आणि बाजूला ठेवला.

त्या खोलीत एडिटर एकटा नसतो, हेही सांगायला हवं. शेजारी दिग्दर्शक बसलेला असतो, आणि पहाटे चारला उठून, डोंगर चढून टिपलेला त्याचा लाडका शॉट चित्रपटाला जड होतोय हे त्याला सांगायचं असतं. ते त्याला पटेल असं आणि त्याचा अवमान न होता सांगायचं असतं. म्हणून "आमचा मुलगा अबोल आहे, माणसांत मिसळत नाही, त्याला हे क्षेत्र बरं," असं कुणी म्हटलं की मी त्यांना थांबवते. अबोल मूल चालेल. पण दुसऱ्याचं ऐकून घेणं आणि आपलं म्हणणं नीट मांडणं त्याला शिकावंच लागेल.

व्हीएफएक्स, म्हणजे पडद्यावरचे दृश्य परिणाम घडवणं, हे निराळं काम आहे. पालकच काय, मुलंही या दोन्ही गोष्टी एकच समजतात. एक साधा शॉट घेऊ. नायिका सह्याद्रीच्या कड्यावर उभी आहे, वारा सुटलाय, पाच सेकंद. चित्रपट सेकंदाला २४ फ्रेमच्या गतीनं चालतो, म्हणजे या शॉटच्या १२० फ्रेम झाल्या. प्रत्यक्षात ती गोरेगावच्या एखाद्या स्टुडिओत हिरव्या पडद्यासमोर उभी होती, कमरेला सुरक्षेसाठी तार बांधलेली, समोर मोठा पंखा. हिरवा रंग काढून टाकायचं काम संगणक बरंचसं करतो. पण तिचा हात पडद्याच्या कडेबाहेर गेला, तिथे कुणीतरी त्या हाताची कड प्रत्येक फ्रेममध्ये नीट बसवतो. याला रोटो म्हणतात. दुसरा तार पुसतो. तिसरा कॅमेरा नेमका कसा हलला ते शोधून संगणकातला कॅमेरा तसाच हलवतो, नाहीतर मागचा डोंगर पायाखालून सरकल्यासारखा दिसेल. कडा कुणी घडवतो, त्यावर शेवाळ आणि भेगा कुणी रंगवतो, दरीतून वर येणारं धुकं आणखी कुणी तयार करतो, ऊन कुठल्या बाजूनं पडलंय ते आणखी कुणी सांभाळतो. शेवटी कंपोझिटर हे सगळे थर एकावर एक बसवतो, आणि भुरभुरणाऱ्या एकेका केसाच्या कडेला हिरवट छटा राहिली नाही ना, हे तपासतो. हे सगळं पाच सेकंदांसाठी. अडीच तासांच्या चित्रपटात २ लाख १६ हजार फ्रेम असतात.

तुमचं मूल 'मुंज्या' बघून आलेलं असतं. आदित्य सरपोतदार यांनी दिग्दर्शित केलेल्या २०२४च्या त्या चित्रपटातलं कोकणातलं ते भूत संगणकावर घडवलेलं आहे. मुलाला तसं भूत करायचं असतं. पण बहुतेकांच्या वाट्याला पहिली दोन-तीन वर्षं दुसऱ्याच्या शॉटमधली तार पुसणं आणि हाताच्या कडा बसवणं येतं. हे त्याला आधीच माहीत असलं पाहिजे. ते काम हलकं नाही. हलणाऱ्या हाताची कड किती धूसर होते, सावली वस्तूला कुठे चिकटते आणि कुठे सुटते, हे डोळ्यांना तिथेच कळायला लागतं. चांगले कंपोझिटर याच कामातून वर आलेले असतात. मात्र भुताच्या आशेनं आलेलं मूल तार पुसताना सहा महिन्यांत कंटाळतं, आणि मग घरी बोलणी सुरू होतात.

हे काम आपल्या मातीतलं आहे, हेही तुम्हाला माहीत असावं. नाशिकजवळच्या त्र्यंबकेश्वरात जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' केला तेव्हा सरस्वतीबाई फाळके घरातली रांधणी सांभाळून रात्री अंधारात फिल्मला भोकं पाडत होत्या, ती धुण्याची रसायनं मिसळत होत्या. १९१९च्या 'कालिया मर्दन'मध्ये फाळक्यांच्या लहान मुलीनं, मंदाकिनीनं, कृष्णाचं काम केलं, आणि तो कृष्ण पाण्यात कालियाशी झुंजताना लोकांनी श्वास रोखून पाहिला. पुढे 'प्रभात'नं 'संत तुकाराम'मध्ये वैकुंठाला जाणारं विमान दाखवलं, १९४०च्या 'संत ज्ञानेश्वर'मध्ये भिंत चालवली. संगणक नव्हता. कॅमेरा, कात्री, रसायनं आणि कमालीची चिकाटी होती. त्याच प्रभातच्या पुण्यातल्या आवारात १९६० साली आजची एफटीआयआय ही चित्रपट शिक्षणसंस्था सुरू झाली. तुमचं मूल ज्या धंद्यात जाऊ पाहतंय त्याला महाराष्ट्रात शंभर वर्षांहून जुनी परंपरा आहे.

आता तुमच्या मुलाकडे वळू. आमचं मूल यासाठी योग्य आहे का, हे कसं ओळखायचं? दिवसभर व्हिडिओ बघतं, गेम खेळतं, नवा फोन आला की सगळी सेटिंग चटकन शोधून काढतं, यातून काहीच कळत नाही. बहुतेक मुलं तेच करतात. मी दुसऱ्याच गोष्टी बघते. केलेला व्हिडिओ ते दुसऱ्या दिवशी पुन्हा उघडून दुरुस्त करतं का? सिनेमा पाहून आल्यावर "तो सीन उगाच लांबवला" असं काही बोलतं का, आणि विचारलं तर कारण देतं का? चित्रं काढतं का, फोटो काढताना उजेडाकडे बघतं का? गाणं ऐकताना तालाचं भान असतं का? आमच्या क्षेत्रातले पुष्कळ चांगले एडिटर तबला किंवा पेटी शिकलेले असतात, याचं मला नवल वाटत नाही. कट कुठे पडायचा हे पुष्कळदा लयीवर ठरतं. आणि सगळ्यात महत्त्वाचं, हातात घेतलेली गोष्ट ते शेवटापर्यंत नेतं का? अर्धवट सोडलेल्या तीस व्हिडिओंपेक्षा पूर्ण केलेली एक पाच मिनिटांची फिल्म मला जास्त सांगते.

म्हणून माझा आग्रह आहे, आणि हा मी प्रत्येक पालकाला करते. कुठल्याही क्लासची फी भरण्याआधी मुलाला एक लहान फिल्म पूर्ण करायला सांगा. गावच्या जत्रेवर, आजोबांच्या दिवसावर, कोपऱ्यावरच्या चपला शिवणाऱ्या काकांवर, कशावरही. ज्यांचं चित्रण करायचं त्यांना विचारून. मोबाइलवर टिपलेली चालेल. त्यासाठी पैसे लागत नाहीत. 'दाविंची रिझॉल्व्ह' या व्यावसायिक सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती संकलनाला पुरेशी आहे. 'ब्लेंडर' तर पूर्णपणे मोफत आहे, आणि ते खेळणं आहे असं कुणी म्हणालं तर त्याला सांगा, 'फ्लो' हा लॅटव्हियातला अ‍ॅनिमेशनपट ब्लेंडरवर तयार झाला आणि २०२५ साली त्याला ऑस्कर मिळालं. व्हीएफएक्सच्या मोठ्या स्टुडिओंत वापरतात त्या 'न्यूक' आणि 'हुदिनी'च्याही शिकण्यापुरत्या मोफत आवृत्त्या मिळतात. घरात बरा संगणक हवा, हे मात्र खरं. तेवढा खर्च करा.

फिल्म झाली की घरातल्या सगळ्यांनी बसून ती पाहा. आणि "छान झालंय" म्हणून उठू नका. कुठे कंटाळा आला, कुठे कळलं नाही, ते प्रामाणिकपणे सांगा. ते ऐकून मूल चिडून दार लावून घेतं की रात्री पुन्हा दुरुस्तीला बसतं, यावरून तुम्हाला जे कळेल ते कुठल्याही कल चाचणीत कळणार नाही.

क्लासेसबद्दल मी थोडं कठोर बोलणार आहे. शहरोशहरी, आता तालुक्याच्या गावीही, अ‍ॅनिमेशन आणि व्हीएफएक्स शिकवणाऱ्या संस्था निघाल्या आहेत. काही मनापासून शिकवतात. काही फक्त सॉफ्टवेअरची ओळख करून देतात आणि त्यासाठी लाखांत फी घेतात. भिंतीवर हॉलिवूडच्या चित्रपटांची पोस्टर असतात, माहितीपत्रकात 'शंभर टक्के प्लेसमेंट' असतं. जमीन गहाण टाकून, दागिने मोडून मुलांना तिथे घातलेले आईबाप मी पाहिले आहेत. तेव्हा हात जोडून सांगते, आधी चौकशी करा. मागच्या वर्षीच्या विद्यार्थ्यांनी स्वतः केलेलं काम दाखवायला सांगा. दाखवता येत नसेल तर उठून या. तिथून बाहेर पडलेल्या दोन-चार मुलांना संस्थेच्या नकळत गाठून विचारा. शिकवणारी व्यक्ती कुठल्या चित्रपटावर, कुठल्या विभागात काम करून आलीय ते विचारा. फी हप्त्यानं घेतात का, मध्येच सोडलं तर परत देतात का, हे लेखी घ्या. आणि त्यांच्याच ओळखीच्या वित्तसंस्थेचं कर्ज समोर ठेवलं तर घरी येऊन शांतपणे वाचल्याशिवाय सही करू नका. स्टुडिओत मुलाचं प्रमाणपत्र सहसा कुणी बघत नाही. शोरील बघतात, दोन-तीन मिनिटांचं, त्यानं स्वतः केलेल्या कामाचं.

पदवी मात्र सोडू देऊ नका, मग ती कुठल्याही शाखेची असो. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये संकलनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे आणि त्यासाठी पदवी लागते. कोलकात्याच्या सत्यजित रे संस्थेचंही तसंच. जागा थोड्या असतात, प्रवेश परीक्षा कठीण असते, पण तिथली संगत आयुष्यभर पुरते. अ‍ॅनिमेशन आणि चित्रभाषेकडे ओढा असेल तर अहमदाबादची एनआयडी आहे, पवईला आयआयटीच्या आवारातलं आयडीसी आहे, आपलं जे. जे. आहे. यातलं काहीच जमलं नाही तरी वाट बंद होत नाही. एखाद्या एडिटरच्या हाताखाली दोन वर्षं राहून शिकलेली माणसं आज चित्रपट कापतायत. पण चांगल्या पदव्युत्तर संस्थांचा दरवाजा पदवीशिवाय उघडत नाही, आणि विशीत काही बिनसलं तर पदवीचाच आधार राहतो.

स्थैर्याचा प्रश्न तुम्ही विचारणारच, आणि तो विचारायलाच हवा. एक जुनी गोष्ट सांगते. 'लाइफ ऑफ पाय'मधला वाघ तुम्हाला आठवत असेल. तो बहुतांशी संगणकावर घडवलेला होता. तो घडवणाऱ्या ऱ्हिदम अँड ह्यूज या कंपनीची मुंबई आणि हैदराबादेतही कार्यालयं होती. २०१३च्या फेब्रुवारीत या चित्रपटाला व्हीएफएक्सचं ऑस्कर मिळालं, आणि त्याच्या दोनच आठवडे आधी कंपनीनं दिवाळखोरीचा अर्ज केला होता. काम जगात उत्तम होतं, पण स्टुडिओ एकदा ठरलेल्या रकमेत काम घेतात आणि निर्माता बदल सांगत राहतो. वाढलेला खर्च स्टुडिओच्या अंगावर येतो. २०२३ साली हॉलिवूडचे लेखक आणि नट संपावर गेले, तर इथे आपल्या मुलांच्या हातचं काम आटलं. २०२५च्या फेब्रुवारीत टेक्निकलर हा मोठा समूह कोसळला आणि बंगळुरू-मुंबईतल्या हजारो मुलांच्या नोकऱ्या अचानक गेल्या. त्यांच्यातल्या कुणाचंही काम वाईट नव्हतं.

दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. 'ड्यून'च्या दोन्ही भागांना व्हीएफएक्सचं ऑस्कर मिळवून देणारी डीएनईजी ही कंपनी २०१४ साली मुंबईच्या प्राइम फोकसशी जोडली गेली, आणि आज तिचं पुष्कळसं काम भारतात होतं. मालिका, जाहिराती, ओटीटी, यूट्यूब, लग्नाचे चित्रपट, कंपन्यांच्या फिल्म, या सगळ्यांना एडिटर लागतो. काम आहे. सरकारी नोकरीसारखं निवृत्तीपर्यंत एकाच ठिकाणी नाही. कधी करारावर, कधी चित्रपटापुरतं, मध्ये दोन-तीन महिने रिकामे. सुरुवातीचा पगार कमी असतो. मुंबईत खोलीचं भाडं देऊन पहिल्या वर्षी त्यात भागवणं फार कठीण. म्हणून मी सांगते, संस्थेच्या फीत सगळी पुंजी घालू नका. तिचा मोठा भाग मुलाच्या पहिल्या दोन-तीन वर्षांच्या राहण्या-जेवण्यासाठी राखून ठेवा. या क्षेत्रातून परत जाणाऱ्या मुलांत बुद्धीनं कमी पडलेली थोडी असतात. भाडं परवडेना म्हणून गेलेली कितीतरी जास्त.

आणि आता एआय. ज्या रोटोबद्दल मी वर सांगितलं, ते काम यंत्र वेगानं शिकतंय. रिझॉल्व्हच्याच 'मॅजिक मास्क'मध्ये माणसावर एक रेघ ओढली की त्याची कड बऱ्यापैकी आपोआप मिळते. ज्या पायरीवरून पिढ्यांनी सुरुवात केली ती पायरी अरुंद होत चालली आहे, आणि ती उद्या कशी असेल हे ठामपणे सांगणाऱ्या कुणावरही विसंबू नका. मला स्वतःला एवढं दिसतं की फक्त सॉफ्टवेअर येणाऱ्याचं कठीण आहे. ज्याला प्रकाश कळतो, चित्र काढता येतं, गोष्ट कळते, त्याच्या हातात ही यंत्रं आली तर तो आज जास्त काही करू शकतो. 'एव्हरीथिंग एव्हरीव्हेअर ऑल ॲट वन्स' या २०२२च्या चित्रपटातले व्हीएफएक्सचे बहुतेक शॉट पाच-सहा जणांच्या छोट्या गटानं केले होते, आणि त्यातले बरेचसे घरबसल्या शिकलेले होते. २०२३ साली सर्वोत्तम चित्रपटाचं आणि संकलनाचंही ऑस्कर त्यालाच मिळालं. म्हणून मुलाला चित्रकलेच्या शिकवणीला घाला, नाटकं दाखवा, वाचायला लावा. ते वाया जाणार नाही.

मुलींच्या आई-बाबांना वेगळं सांगायचंय. रात्री-अपरात्रीचं काम, चित्रपटाचं वातावरण, ही तुमची काळजी मला कळते. ती दूर सारू नका, पण तिच्यापायी दारही लावू नका. संकलनाच्या टेबलावर बायकांनी आपल्याकडे फार मोठं काम केलंय. एफटीआयआयमध्ये शिकलेल्या रेणू सलुजा यांनी 'जाने भी दो यारों' आणि 'परिंदा' कापले, त्यांना चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. 'तारे जमीन पर'च्या संकलक दीपा भाटिया, 'तुंबाड'च्या संयुक्ता काझा, 'कहानी'साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवणाऱ्या नम्रता राव. मुलीला नोकरी लागली की काही गोष्टी जरूर विचारा. रात्री उशीर झाला तर कंपनीची गाडी आहे का, तक्रार ऐकणारी समिती आहे का, तिच्या विभागात आणखी बायका आहेत का. हे विचारणं तुमचा हक्क आहे. उत्तर नीट मिळालं नाही तर मुलीला दुसरीकडे बघायला सांगा. क्षेत्र सोडायला सांगू नका.

तब्येतीचंही बघा. दहा-बारा तास पडद्यासमोर बसून मान, पाठ, मनगट आणि डोळे जातात, चित्रपटाची तारीख जवळ आली की झोप जाते. विशीत ते जाणवत नाही, पस्तिशीत डॉक्टरकडे खेपा सुरू होतात. बरी खुर्ची, दर तासाला उठण्याची सवय, रोज थोडं चालणं, हे घरापासूनच लावा. आणि मूल फोनवर थकलेलं वाटलं तर "आता पगार किती झाला?" हा प्रश्न त्या दिवशी राहू द्या.

नागपूरच्या राजकुमार हिरानींचं उदाहरण मी पालकांना देते, ते त्यांच्या यशासाठी नव्हे. त्यांच्या वडिलांची टायपिंग इन्स्टिट्यूट होती आणि मुलानं सीए व्हावं असं घरच्यांना वाटत होतं. मुलाचा ओढा दिसला तेव्हा वडिलांनीच त्याचे फोटो काढून घेतले आणि अभिनय शिकायला मुंबईला पाठवलं. तिथे मन रमेना, म्हणून मुलगा नागपूरला परत आला. पुढे एफटीआयआयमध्ये संकलन शिकला, जाहिराती आणि चित्रपट कापत राहिला, आणि 'मुन्नाभाई एमबीबीएस' आला तो २००३ साली, चाळिशीत. प्रत्येक मूल हिरानी होणार नाही, होण्याची गरजही नाही. मला महत्त्वाचा वाटतो तो पहिला प्रयत्न फसून परत आलेला मुलगा आणि त्याला पुन्हा बाहेर पडू देणारं घर.

तर पालकहो, या सुट्टीत मुलाला पाच मिनिटांची एक फिल्म पूर्ण करायला सांगा आणि ती होईपर्यंत कुठल्याही संस्थेत पैसे भरू नका. फिल्म पूर्ण झाली, त्यानं ती पुन्हा पुन्हा दुरुस्त केली आणि तरीही त्याला हेच करायचं असेल, तर पदवीचा अर्ज भरा, पहिल्या तीन वर्षांच्या खर्चाचा हिशेब दोघांनी बसून करा, आणि मग त्याला जाऊ द्या.